‘सौ.’ लिहिणारी ती बाई कोण? – गृह आणि नोंदणी विभागाला खुले पत्र

प्रति,
मा. अपर मुख्य सचिव, गृह विभाग
मा. नोंदणी महानिरीक्षक व मुद्रांक नियंत्रक
महाराष्ट्र राज्य

विषय : बनावट खरेदीखताच्या तपासात सरकारी दप्तरातलाच पुरावा गोळा न होण्याबाबत.

महोदय,

वडील गेले त्या वर्षापासून माझ्या आईने सहीतलं ‘सौ.’ काढून टाकलं. १९९४ चा श्रावण होता. तेराव्यानंतर कुटुंब निवृत्तिवेतनाचे कागद भरायला बसलो, तेव्हा सवयीने तिने ‘स’ काढला, थांबली, तो खोडला आणि नुसतं नाव लिहिलं. पुढची २७ वर्षं ती नुसतं नावच लिहीत राहिली. पासबुकावर, गॅसच्या कार्डावर, नातवाच्या शाळेच्या अर्जावर, सगळीकडे.

ऑगस्ट २०१३ मध्ये आमच्या तालुक्याच्या दुय्यम निबंधकांसमोर तिच्या नावावरची १ हेक्टर १२ आर जमीन विकल्याचं खरेदीखत नोंदवलं गेलं. लिहून देणार, म्हणजे विकणारी, म्हणून त्यावर सही आहे : सौ., पुढे नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव. दस्त गोषवाऱ्यात, म्हणजे खताला जोडलेल्या नोंदणीच्या सारांशपानावर, फोटो आहे. फोटोतल्या बाईच्या कपाळावर ठसठशीत कुंकू आहे. फोटोशेजारी तिच्या अंगठ्याचा ठसा आहे. ती माझी आई नव्हे. मग ती कोण, हे २०१७ साली गुन्हा नोंदवला गेल्यापासून २०२५ साली सगळे आरोपी संशयाचा फायदा मिळून सुटेपर्यंत कुणी शोधलं नाही. आणि आता ‘प्रकरण अपील करण्यायोग्य नाही’ असं सरकार पक्षाकडून एका ओळीचं उत्तर मला मिळालंय. हे पत्र त्या ओळीमुळे लिहिते आहे.

पीडिताला स्वतःहून अपील करण्याचा हक्क फौजदारी प्रक्रिया संहितेतल्या दुरुस्तीने २००९ च्या अखेरीस मिळाला. पीडित हयात नसेल तर वारसालाही तो आहे. तो मी वापरला आहे. अपील प्रलंबित असल्यामुळे निकालाच्या बरोबर-चुकीबद्दल इथे एक अक्षर लिहिणार नाही. न्यायाधीशांबद्दल तक्रारही नाही. त्यांच्यासमोर जे ठेवलं त्यावर त्यांनी निकाल दिला. ठाण्याचं, तालुक्याचं, अधिकाऱ्याचं नाव लिहीत नाही, कारण नाव लिहिलं की हे गाऱ्हाणं त्या एका ठाण्याचं होऊन बसतं. कोर्टाच्या व्हरांड्यात आठ वर्षं बसल्यावर तुम्हाला एवढं तर मी खात्रीने सांगू शकते की ते एका ठाण्याचं नाही.

थोडं माझ्याविषयी. मी ३१ वर्षं बँकेत नोकरी केली, त्यातली बरीचशी चेक पास करण्याच्या टेबलावर. नमुना सहीचं कार्ड एका हातात, चेक दुसऱ्या हातात. दुपारपर्यंत दोनशे-तीनशे सह्या डोळ्यांखालून जायच्या. खोटी सही ओळखायची पहिली खूण अक्षरात नसते, वेगात असते. खरा माणूस आपली सही बघून करत नाही. तो ती टाकतो. खोटी करणारा ती काढतो, चित्र काढावं तशी. जिथे पेन उचलायचं नाही तिथे उचलतो, वळणावर दाब एकसारखा राहतो, आणि बरेचदा खोटी सही खरीपेक्षा सुबक दिसते. हे मी प्रौढी म्हणून सांगत नाही. त्याच टेबलावर मी उलटी माणसंही पाहिलीत : चेक स्वतः लिहून देऊन नंतर ‘ही माझी सही नाहीच’ म्हणून खिडकीवर आरडाओरडा करणारी. त्यामुळे ‘भावकीच्या वाटणीची भांडणं लोक फौजदारीत ओढतात’ असं पोलीस म्हणतात तेव्हा ते सगळं बहाणा असतं असं मी म्हणणार नाही. जमिनीला भाव आला की आपलीच सही नाकारणारे असतात. पण म्हणूनच तर सही, अंगठा, फोटो पहिल्या पंधरवड्यात तपासायला हवेत. खोटी तक्रारही त्यातच उघडी पडते.

आमची जमीन १९८६ ची. वडील जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक. भविष्य निर्वाह निधीतून उचल घेऊन त्यांनी ती आईच्या नावावर घेतली. त्या खरेदीखतावर लिहून घेणार म्हणून आईची सही आहे, आणि ती ‘सौ.’ची आहे. २०१३ ची सही या १९८६ च्या सहीवरून उतरवली आहे हे कळायला हस्ताक्षरतज्ज्ञ लागत नाही. आमचं कुळकायद्याचं काही नव्हतं, वाटणी नव्हती, भाऊ-भाऊ वाद नव्हता. आई माझ्याकडे शहरात राहत होती, जमीन एका कुटुंबाला अर्धेलीने दिलेली होती, दिवाळीला ज्वारीची दोन पोती घरी यायची. एवढंच.

जून २०१६ मध्ये सातबारा काढला आणि आईचं नाव कंसात दिसलं. ज्यांना गावाकडचे कागद माहीत नाहीत त्यांच्यासाठी : सातबाऱ्यावर नाव कंसात गेलं म्हणजे त्या जमिनीपुरता तो माणूस संपला. आई त्या वेळी स्वयंपाकघरात मेथी निवडत होती. मी इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला दस्ताच्या नोंदीचा उतारा) आणि खताची नक्कल काढून आणली, तिच्यासमोर ठेवली. तिने चष्मा पुसून सही बघितली. पहिलं वाक्य हे नव्हतं की ही माझी सही नाही. ती म्हणाली, “अगं, मी सौ. कशाला लिहीन?”

हे वाक्य तिच्या जबाबात नाही. जबाबात आहे : ‘सदर दस्तावरील सही माझी नसून ती कोणीतरी बनावट केली आहे.’ असं तर प्रत्येक जबाबात असतं. लिहून घेणाऱ्या हवालदारांना मी तेव्हाच म्हटलं, ‘सौ.’चं लिहा. ते म्हणाले, “ताई, ते कोर्टात सांगा.”

कोर्टात सांगायला आई उरली नाही. मे २०२१ मध्ये ती गेली. दोषारोपपत्र डिसेंबर २०१९ चं, आरोपनिश्चिती २०२२ ची. पोलिसांपुढचा जबाब हा पुरावा नसतो. माणूस पिंजऱ्यात उभा राहून बोलला पाहिजे आणि उलटतपासाला सामोरा गेला पाहिजे. कायदा योग्यच आहे. पण ७४ वर्षांची बाई फिर्यादी आहे हे पहिल्या दिवशी सगळ्यांना दिसत होतं.

आता गाऱ्हाणी. क्रम महत्त्वाचा नाही, पण सुरुवात पहिल्या दारापासून करते.

ठाण्यात पहिला अर्ज दिला जुलै २०१६ ला. दीड महिन्याने समजपत्र मिळालं : प्रकरण दिवाणी स्वरूपाचे असून आपण सक्षम न्यायालयात दाद मागावी. जमिनीच्या कागदाची तक्रार घेऊन गेलेल्या किती जणांच्या घरात हे समजपत्र पडलं असेल याची कल्पना करा. खरेदीखत रद्द करून मागणं हे दिवाणी काम आहे, मान्य. तो दावा आम्ही तीन वर्षांच्या मुदतीत लावलाच. पण दुसऱ्याच्या नावाने निबंधकांसमोर उभं राहून सही करणं हा गुन्हा आहे, आणि एकाच कृत्यातून दिवाणी दावा आणि फौजदारी गुन्हा दोन्ही उभे राहतात हे न्यायालयांनी कितीदा सांगितलंय. शेवटी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५६(३) खाली अर्ज करून न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशाने मार्च २०१७ ला गुन्हा नोंदला गेला. आठ-नऊ महिने गेले. तेवढ्यात खरेदीदाराने आपल्याकडचं मूळ खत गहाळ झाल्याची नोंद दुसऱ्या एका ठाण्यात करून ठेवली होती. तारीख बघा : आमचा अर्ज जुलैचा, त्यांचं खत हरवलं ऑक्टोबरात.

इथे एक गोष्ट सामान्य वाचकासाठी सांगते, कारण मलाही ती बँकेत असून माहीत नव्हती. आपल्याकडे दस्त स्कॅन करून मूळ खत पक्षकाराला परत देतात. म्हणजे खोटं खत कायम खोटं करणाऱ्याच्या कपाटात असतं आणि कार्यालयात फक्त त्याची प्रतिमा. आणि तज्ज्ञाला पेनाचा दाब, थांबे, थरथर बघायला मूळ कागद लागतो. प्रतिमेवर सहीचा आकार दिसतो, सही करणारा हात दिसत नाही. म्हणून पहिल्या आठवड्यात झडती घेऊन मूळ खत जप्त करणं, किमान ते हजर करायची लेखी नोटीस देणं, हे अशा तपासातलं पहिलं काम. आमच्याकडे ते झालं नाही. समजपत्रानं आरोपीला तीन महिने दिले आणि त्यानं ते वापरले.

हस्ताक्षराचं पुढे काय झालं तेही ऐका. २०१८ साली आईला ठाण्यात बसवून कोऱ्या कागदावर सहा सह्या घेतल्या. तिला तोवर कंपवात सुरू झाला होता. सहाच्या सहा सह्या वेगवेगळ्या आल्या. त्या सहा सह्या आणि २०१३ च्या खताच्या स्कॅनची छापील प्रत राज्य गुन्हे अन्वेषण विभागाच्या दस्तऐवज परीक्षकांकडे गेली. अभिप्राय आला : मूळ दस्तऐवजाअभावी व पुरेशा नमुन्यांअभावी मत देणे शक्य नाही. परीक्षकांचं काय चुकलं? काहीच नाही. मी त्यांच्या जागी असते तर हेच लिहिलं असतं.

मी मात्र तपासी अंमलदारांना २०१७ मध्येच लेखी यादी दिली होती. आई कुटुंब निवृत्तिवेतन घेत होती. दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला भरून द्यावा लागतो आणि त्यावर सही बँक अधिकाऱ्यासमोर होते. नोव्हेंबर २०१२, नोव्हेंबर २०१३, नोव्हेंबर २०१४. वादग्रस्त सहीच्या अलीकडे-पलीकडे काही महिन्यांतल्या, खटल्याशी संबंध नसताना केलेल्या, अधिकाऱ्याने साक्षांकित केलेल्या तीन सह्या. यापेक्षा चांगला नैसर्गिक नमुना कोण कुठून आणणार? आणि तिन्हींवर ‘सौ.’ नाही. बँकेला एक पत्र लिहायचं होतं. दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत लिहिलं गेलं नाही. हस्ताक्षरतज्ज्ञाच्या मताला दुजोरा असलाच पाहिजे असा नियम नाही, पण ते सावधपणे घ्यावं, असं सर्वोच्च न्यायालयाने कधीच सांगून ठेवलंय. आमच्या बाबतीत सावधपणे घ्यायलाही मत नव्हतं.

आणि अंगठा. महोदय, मला सगळ्यात जास्त छळते ती ही गोष्ट. गोषवाऱ्यात त्या बाईच्या अंगठ्याचा ठसा आहे, सरकारच्याच यंत्राने घेतलेला. आई गुन्हा नोंदल्यानंतर चार वर्षं जिवंत होती. कंपवात झालेल्या माणसाची सही बदलते, अंगठ्याच्या रेषा बदलत नाहीत. तिचा अंगठा कागदावर घ्यायचा आणि दोन्ही ठसे अंगुलिमुद्रा केंद्राकडे पाठवायचे. ठसा पुसट असेल तर तसा अभिप्राय आला असता. पण पाठवायला तर हवा होता. शाईचा पॅड त्याच टेबलावर होता. सहा सह्या घेतल्या त्या दिवशी मी तो पाहिला. कुणीतरी कुठल्यातरी पासपोर्टच्या पडताळणीसाठी बोटं टेकवत होतं. आज आईचा अंगठा कुठेच मिळणार नाही. आधारमध्ये आहे, पण आधार कायद्याच्या कलम २९ प्रमाणे तिथलं बायोमेट्रिक कुणालाच देता येत नाही.

मग ती बाई. तिच्याशिवाय खटला उभाच राहत नव्हता, आणि याचं कारण तपासी अंमलदारांना ठाऊक असायला हवं होतं. सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल प्रत्येक आरोपीच्या वकिलाच्या फाइलमध्ये असतात. एक २००९ चा, बिहारमधल्या प्रकरणातला : दुसऱ्याची जमीन ‘ही माझीच’ म्हणत स्वतःच्या नावाने विकली तर तो ‘खोटा दस्तऐवज’ होत नाही. तो माणूस खोटं बोलतो, पण मी अमुक आहे असं भासवत नाही. (गावोगाव ज्यांच्या चुलत्याने सामाईक जमीन एकट्याची म्हणून विकली आहे आणि जे ‘फोर्जरी’ची केस घेऊन वकिलाकडे धावतात, त्यांनी हा फरक आधी समजून घ्यावा, वर्षं वाचतील.) दुसरा मे २०१८ चा : दस्त खोटा असला तरी बनावटीची शिक्षा तो प्रत्यक्ष बनवणाऱ्यालाच होते, ज्याला त्यातून लाभ झाला त्याला आपोआप नाही. त्या तमिळनाडूच्या प्रकरणातही तोतया बाई होती, तीही सापडली नव्हती, आणि आरोपी सुटले. निकालपत्रात न्यायालयाने तपास आणि खटला चालवण्यातल्या ढिलाईवर स्पष्ट ताशेरे ओढले आहेत. तो निकाल आला तेव्हा आमचा तपास चालू होता. आमचं दोषारोपपत्र त्यानंतर दीड वर्षाने दाखल झालं. त्यात लिहिलंय : ‘अनोळखी महिला, शोध घेतला असता मिळून आली नाही.’ शोध कसा घेतला, याचा एकही कागद सोबत नाही. फोटो साक्षीदारांना दाखवला का? आजूबाजूच्या ठाण्यांना पाठवला का? ओळख पटवणाऱ्या दोघांना वेगवेगळं बसवून विचारलं का?

त्या दोघांकडे येते. गोषवाऱ्याच्या त्या छापील ओळी आहेत : ‘खालील इसम असे निवेदीत करतात की ते दस्तऐवज करुन देणाऱ्यांना व्यक्तीशः ओळखतात, व त्यांची ओळख पटवितात.’ दोघांचेही फोटो, दोघांच्याही सह्या. त्यांच्यातला एक आमच्या बांधाचा. १९९४ साली माझ्या वडिलांना त्याने खांदा दिला होता. तो माणूस २०१३ साली कुंकू लावलेल्या परक्या बाईकडे बोट दाखवून म्हणतो की या गुरुजींच्या सौभाग्यवती, मी यांना व्यक्तिशः ओळखतो. हे मी तपासात सांगितलं होतं. जबाबात एवढंच उतरलं की ‘साक्षीदार हे गावातील रहिवासी आहेत’.

यावर कायद्यात चपखल कलम आहे. नोंदणी अधिनियम, १९०८, कलम ८२. नोंदणी अधिकाऱ्यापुढे जाणूनबुजून खोटं निवेदन करणं, तोतयेगिरी करून दस्त हजर करणं, आणि या कामी साहाय्य करणं, सगळ्याला सात वर्षांपर्यंत शिक्षा. इथे खत ‘कुणी बनवलं’ हा प्रश्नच येत नाही; निबंधकांपुढे खोटं बोलला का, एवढाच प्रश्न. त्या दोघांना ते थेट लागत होतं. दोषारोपपत्रात भारतीय दंड संहितेची ४२०, ४६७, ४६८, ४७१ आणि ३४ ही कलमं आहेत : फसवणूक, बनावट, बनावट कागद खरा म्हणून वापरणं आणि समान इरादा. कलम ८२ नाही. तोतयेगिरीचं ४१९ नाही. कटाचं १२० ब नाही. आणि कलम ८३ प्रमाणे निबंधक स्वतः किंवा त्यांच्या परवानगीने फिर्याद देता येते. मी तसा अर्ज दिला, तर उत्तर आलं की पक्षकारांची ओळख साक्षीदारांनी पटवलेली असल्याने या कार्यालयाची जबाबदारी येत नाही. मी जबाबदारी विचारलीच नव्हती. मी म्हटलं होतं की तुमच्यापुढे खोटं बोललं गेलंय, तुम्हाला राग येत नाही का? (अर्जात हे शेवटचं वाक्य नव्हतं. असायला हवं होतं.)

आणखी दोन छोट्या गोष्टी. खतात मोबदला ‘४ लाख ८० हजार रोख, साक्षीदारांसमक्ष पोहोच’ असा आहे. खरेदीदाराचा बचाव हाच की पैसे मी मोजले, त्या बाईने मलाही फसवलं. ४७१ लागायला खत खोटं असल्याचं त्याला माहीत होतं किंवा तसं मानायला कारण होतं, हे दाखवावं लागतं. मग विचारा ना, एवढी रोकड आली कुठून? त्याची पासबुकं मागवा, दुकानाचा हिशेब बघा. कुणीही विचारलं नाही. दुसरी गोष्ट : आईची सही जिच्यावरून उतरवली त्या १९८६ च्या खताची नक्कल २०१३ च्या आधी कुणीतरी काढलेली असणार. पुस्तक क्रमांक १ मधल्या, म्हणजे स्थावर मालमत्तेच्या नोंदवहीतल्या, दस्ताची नक्कल कुणालाही फी भरून मिळते, कायद्याने मिळायलाच हवी. पण अर्जाची आणि पावतीची नोंद होते. त्या नोंदीत एक नाव असेल. तेही कुणी बघितलं नाही.

मधल्या काळात दिवाणी दाव्यात आम्ही त्या खताची नक्कल दाखल केली, तेव्हा ठाण्यातून नवीनच ऐकायला मिळालं : आता खत कोर्टात आहे, तेव्हा कोर्टानेच तक्रार द्यायला हवी. २००५ साली पाच न्यायमूर्तींच्या पीठाने हे स्पष्ट केलंय की ती अट कागद न्यायालयाच्या ताब्यात आल्यानंतर त्यात बनावट झाली तरच लागू होते. बाहेर बनवलेला खोटा कागद नंतर कोर्टात आला म्हणून पोलिसांचे हात बांधले जात नाहीत. मला हे वाचून दाखवावं लागलं. तिथल्या चहावाल्यानेही ऐकलं.

कायद्यातही एक गंमत आहे, ती तुमच्या हातात नाही, पण तुम्ही ती वर कळवू शकता. खरेदीखत, मृत्युपत्र यांसारख्या मौल्यवान दस्ताची बनावट म्हणजे जुनं कलम ४६७, जन्मठेपेपर्यंत शिक्षा. आणि तो अदखलपात्र, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलिसांना त्याचा तपास करता येत नाही! तर फसवणुकीसाठी बनावट, ४६८, सात वर्षांपर्यंत, तो दखलपात्र. १ जुलै २०२४ पासून कलमांचे आकडे बदलले. ४६७ चं नव्या भारतीय न्याय संहितेत ३३८ झालं, हा उफराटा प्रकार तसाच राहिला. त्यातून ठाणे अंमलदाराला ‘अदखलपात्र आहे’ म्हणायला पळवाट मिळते, जरी सोबतीला एक दखलपात्र कलम असलं की सगळा गुन्हा दखलपात्र म्हणूनच तपासायचा असतो. आणि जन्मठेपेचा हा गुन्हा चालतो प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे, ज्यांना तीन वर्षांपेक्षा जास्त शिक्षा देताच येत नाही.

शेजारी गोव्यात २०२२ साली जमीन बळकावण्याच्या प्रकरणांसाठी विशेष तपास पथक नेमलं गेलं, निवृत्त न्यायमूर्ती व्ही. के. जाधव यांचा एक सदस्यीय आयोगही बसवला. तिथे सगळं सुरळीत झालं असा माझा दावा नाही. पण एवढं तरी मान्य झालं की ही भावकीची भांडणं नव्हेत, हा धंदा आहे, आणि त्याचा तपास चोरी-मारामारीचा तपास करणाऱ्या हवालदाराच्या फावल्या वेळात होणारा नाही.

मागण्या साध्या आहेत. एकीलाही नवा कायदा लागत नाही.

गृह विभागाने : नोंदणीकृत दस्त बनावट असल्याची तक्रार आली की पंधरा दिवसांत काय काय गोळा करायचं याचं एक पानी परिपत्रक काढावं. मूळ खताची जप्ती किंवा हजर करण्याची नोटीस. दस्त, गोषवारा, फोटो, ठसे, ओळखीची कागदपत्रं इलेक्ट्रॉनिक पुराव्याच्या प्रमाणपत्रासह. तक्रारदाराचे अंगठे त्याच दिवशी. त्या काळातल्या तीन तरी स्वतंत्र सह्या बँक, पेन्शन किंवा शाळेकडून. समजपत्र द्यायचंच असेल तर हे सगळं बघून मग द्यावं. तोतया सापडला नाही असं लिहायचं असेल तर कसा शोधला ते लिहावं. कलम ८२ लावलं नसेल तर का नाही, हे सहायक सरकारी अभियोक्त्यांनी दोषारोपपत्र तपासताना विचारावं. फिर्यादी ६५ च्या पुढचा असेल तर आरोपनिश्चिती होताच त्याची साक्ष सर्वांत आधी घ्यावी, असा अर्ज सरकार पक्षाने स्वतःहून करावा. आणि अपील न करण्याचा निर्णय झाला तर त्याची कारणं तक्रारदाराला द्यावीत. एक ओळ म्हणजे कारण नव्हे.

नोंदणी विभागाने : गुन्हा नोंदल्याचं पत्र येताच त्या दस्ताची सगळी मूळ विदा (डेटा) गोठवावी, नक्कल अर्जांची नोंद पोलिसांनी मागायची वाट न बघता द्यावी, आणि तोतयेगिरी उघड झाली की कलम ८२ खाली स्वतः फिर्याद द्यावी. एकाच ओळख पटवणाऱ्याचं नाव वर्षभरात किती दस्तांवर आलंय हे तुमच्या संगणकाला विचारून बघा. ‘व्यक्तीशः ओळखणारी’ तीच चार माणसं प्रत्येक कार्यालयाबाहेर चहाच्या टपरीवर बसलेली असतात, हे तुमच्या शिपायालाही माहीत आहे. महसूल खात्याशी बोलून, गुन्हा दाखल झाल्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात यावी. ती नव्हती म्हणून आमच्या जमिनीतले ४० आर २०१८ मध्ये तिसऱ्याच माणसाला विकले गेले. तो बिचारा खरोखर पैसे मोजून बसला आहे, आणि आता आम्ही दोघंही एकमेकांविरुद्ध कोर्टात उभे आहोत.

शेवटची मागणी फक्त माझ्या प्रकरणापुरती आहे आणि तिला मुदत आहे. अपिलात जादा पुरावा घेण्याचा अधिकार न्यायालयाला असतो. तसा अर्ज आम्ही करणार आहोत. त्यासाठी गेल्या आठवड्यात मी आईच्या पेन्शनच्या शाखेत जाऊन आले. तिथे आता माझ्या ओळखीचं कुणी नाही. एका तरुण अधिकाऱ्याने शांतपणे ऐकून घेतलं, माळ्यावर चढून बघून आला. हातापायाला धूळ. म्हणाला, “मावशी, २०१३ च्या हयातीच्या दाखल्यांचा गठ्ठा आहे अजून. पण जुनं रेकॉर्ड काढायची यादी झालीय, त्यात तो आहे. तुमच्या अर्जावर मला थांबवता येणार नाही. पोलिसांचं किंवा कोर्टाचं पत्र आणा.”

कोर्टात आमची तारीख पुढच्या महिन्यात आहे. पोलिसांचं पत्र त्याआधी निघू शकतं. शाखेचं नाव, खाते क्रमांक आणि गठ्ठ्यावरचा क्रमांक मी आपल्या दोन्ही कार्यालयांकडे स्वतंत्र अर्जाने आज पोचते केले आहेत, आवक क्रमांक घेतला आहे.

आपली,
एका फिर्यादीची मुलगी आणि वारस
(निवृत्त बँक कर्मचारी)